परग्रहावरचा दोस्त

बालमित्रांनो, 'कोई मिल गया' हा २००३ सालचा सिनेमा तुमच्यातल्या बऱ्याच जणांनी टीव्हीवर पाहिला असेल. त्यातला निळा जादू आठवतो ना? परग्रहावरून आलेला आणि पृथ्वीवर एकटाच राहून गेलेला! त्याची गट्टी जमते कोणाशी? ज्याला सगळे हसतात, त्या रोहितशी.

त्याच्या कितीतरी आधी, १९६२ साली, सत्यजित राय यांनी 'बंकुबाबूर बंधू' ही बंगाली गोष्ट लिहिली. बंकुबाबू म्हणजे खेड्यातले साधेसुधे शिक्षक. गावातली मंडळी त्यांची टर उडवायची आणि ते मुकाट्याने सोसायचे. एका रात्री बांबूच्या बनात त्यांना परग्रहावरचा पाहुणा भेटला. त्याने बसल्या जागी त्यांना उत्तर ध्रुव दाखवला! मग बंकुबाबूंना असा धीर आला, की त्यांनी टवाळांना चांगलंच सुनावलं.

गंमत बघा, दोन्ही गोष्टींत पाहुण्याला दोस्त मिळाला तो टिंगल सोसलेला माणूस. ज्याला लोकांच्या हसण्याचा त्रास ठाऊक असतो, तो दुसऱ्याच्या रंगरूपाला हसत नाही, बरं का!

आता तुम्ही विचाराल, परग्रहावर खरंच कोणी आहे का? अजून तरी पुरावा सापडलेला नाही. पण आपण मात्र दोस्तीचा निरोप केव्हाच धाडला आहे! १९७७ साली अमेरिकेने 'व्हॉयेजर' नावाची दोन यानं सोडली. प्रत्येकात सोन्याचा मुलामा दिलेली एक तांब्याची तबकडी आहे. तिच्यावर ५५ भाषांमधल्या शुभेच्छा आहेत. त्यात आपली मराठीसुद्धा आहे! शिवाय गोव्याच्या केसरबाई केरकर यांनी गायलेली भैरवी आहे. यानं निघाली आणि त्याच सप्टेंबरात केसरबाई वारल्या. त्यांचा आवाज मात्र अजून प्रवासात आहे. पहिलं व्हॉयेजर आज २४०० कोटी किलोमीटरहून दूर गेलं आहे. एखाद्या ताऱ्याच्या जरा जवळून जायलाही त्याला सुमारे ४० हजार वर्षं लागतील.

ऐकणारा कसा दिसतो, काय खातो, कोणाचा कोण, हे काही न विचारताच आपण त्याला नमस्कार केला!

मग जवळच्यांचं काय? आमच्या सापगावकडे, शहापूर-मुरबाडच्या पट्ट्यात, भातकापणी झाली की कितीतरी कुटुंबं वीटभट्टीवर जातात. त्यांची मुलं कधी वर्षाच्या मध्येच परक्या शाळेत येऊन बसतात. कोणाची बोली ठाकरी, कोणाची कातकरी. एखादा शब्द वेगळा निघाला, की वर्गात खसखस पिकते. ते मूल मग दुसऱ्या दिवशी तोंडच उघडत नाही. तिसऱ्या दिवशी कदाचित शाळेतच येत नाही.

म्हणून या आठवड्याचा गृहपाठ : वर्गातल्या वेगळी बोली बोलणाऱ्या मुलाकडून तीन शब्द शिका आणि तुमचे तीन त्याला शिकवा. पालकहो, ते शब्द रात्री जेवताना मुलांना जरूर विचारा. गोष्टीतल्या पाहुण्याला हजारो भाषा येतात. आपल्याला सुरुवातीला तीन शब्द पुरेत!