अर्ज आम्ही का करायचा?



"सरकारी काम अन् सहा महिने थांब" ही म्हण आता जुनी झाली. आता आधी अर्ज, मग अंगठा, मग सर्व्हर, मग ओटीपी. आणि एवढे करून यादीत नाव नाही म्हणून पुन्हा अर्ज. जिल्ह्याच्या या बैठकीत कापसाच्या भावावर आणि थकलेल्या कर्जावर बोलणे होईलच. पण त्याआधी या अर्जाचा निकाल लावला पाहिजे. पुढे कर्जमुक्ती होवो, नुकसानभरपाई मिळो की विमा, आपल्या दारात पहिल्यांदा येणार आहे तो अर्ज. आणि आमचे म्हणणे असे, की या अर्जातच खरी फसवणूक आहे.

ऑगस्ट 2017 मधली गोष्ट. नगर जिल्ह्याच्या पूर्वेकडच्या एका मोठ्या गावात आम्ही कर्जमाफीचे अर्ज भरायला मदत म्हणून सेवा केंद्रावर बसलो होतो. शेजारच्या वाडीची एक बाई चौथ्या खेपेला आली होती. पहिल्या खेपेला वीज नव्हती. दुसऱ्या खेपेला सर्व्हर बंद. तिसऱ्या खेपेला नवरा बरोबर नव्हता. तो पुण्यात हमालीला, आणि अर्जाला नवरा-बायको दोघेही हवेत. चौथ्या खेपेला तो खाडा करून आला, तर बाईचा अंगठा यंत्र घेईना. कपाशी खुरपून खुरपून अंगठ्याच्या रेषाच झिजल्या होत्या. केंद्रावरचा पोरगा भला होता. ओल्या फडक्याने अंगठा पुसून त्याने दहा वेळा टेकवून पाहिला. शेवटी बाई म्हणाली, "कर्ज देताना याच अंगठ्यावर दिलं की रं बाबा! तवा बरा चालला."

शेतीची पदवी घेऊन आम्ही जे शिकलो नाही, ते या एका वाक्यात शिकलो.

हिशोब कोणाच्या कपाटात आहे?

कर्ज घेताना आपण काय काय दिले ते आठवा. सात-बारा दिला, आठ-अ दिला, जामीनदार दिले, कर्जरोख्यावर सह्या-अंगठे दिले. सोसायटीच्या सचिवाने क.म. पत्रक केले, ते जिल्हा बँकेत मंजूर झाले. तलाठ्याने सात-बाराच्या इतर हक्कात बोजा चढवला. म्हणजे कोणाचे, किती, कोणत्या पिकावर आणि कोणत्या तारखेचे कर्ज आहे हे सोसायटीला माहीत, बँकेला माहीत, सहकार खात्याला माहीत, महसूल खात्यालाही माहीत.

वसुलीला 101 ची नोटीस निघते तेव्हा कोणी आपल्याकडे अर्ज मागतो काय? "कृपया आपले नाव, गाव आणि थकबाकी कळवा, म्हणजे जप्तीला येता येईल" असे पत्र कोणाला आले आहे काय? नोटिशीवर नाव बरोबर, बापाचे नाव बरोबर, गट नंबर बरोबर, व्याज तर पैशापर्यंत बरोबर. घ्यायच्या वेळी सरकारला सगळे पाठ असते. द्यायची वेळ आली की तेच सरकार डोक्याला हात लावून विचारते, "तुम्ही कोण? कर्ज होते याला पुरावा काय?"

हा कारकुनाचा विसराळूपणा नव्हे. अर्ज मागितला की नाते बदलते. भाव पाडून ज्याने आपले नुकसान केले तो दाता होतो, आणि ज्याचे नुकसान झाले तो याचक होतो. एखादा शेतकरी राहून गेला तर "त्याने अर्जच केला नाही" म्हणायला सरकार मोकळे. "माफी" हा शब्दही त्यातलाच. माफी गुन्हेगाराला असते. आपण गुन्हा कोणता केला?

आपल्या पणजोबांचा दावा

याच नगर जिल्ह्याने कागदाचा प्रश्न दीडशे वर्षांपूर्वी एकदा धसाला लावला आहे. अमेरिकेतल्या यादवी युद्धामुळे 1861 ते 1865 या काळात कापसाचे भाव चढले, सावकारांनी मोकळ्या हाताने कर्जे दिली. युद्ध संपले, भाव कोसळले, सारा मात्र वाढला, आणि कर्जे मानेवर बसली. 12 मे 1875 रोजी पुणे जिल्ह्यातल्या सुप्याच्या बाजारात शेतकरी उठले, आणि ते लोण आपल्याकडे पारनेर, श्रीगोंदा, नगर, कर्जतपर्यंत आले. इंग्रजांनी त्याला दंगा म्हटले. पण त्यांच्याच चौकशीत दिसले, की लोकांना मुख्यतः हवे होते ते कर्जरोखे आणि हुकूमनामे. सावकाराच्या जिवावर उठण्याचे प्रकार थोडे. होळी झाली ती कागदांची.

त्यातून 1879 चा दख्खनच्या शेतकऱ्यांसाठीचा कायदा आला. पुणे, सातारा, सोलापूर आणि अहमदनगर हे चार जिल्हे त्यात होते. त्यातली मुख्य गोष्ट ध्यानात घ्या. नुसता रोखा दाखवला की सावकाराचा दावा खरा, असे राहिले नाही. मुद्दल किती दिले, व्याज किती लावले, परत किती आले, हा व्यवहाराचा मुळापासूनचा इतिहास कोर्टाने तपासायचा, असे ठरले. तो कायदा काही रामराज्य नव्हता. सावकारी त्याने संपली नाही. पण ज्याच्याकडे वही, त्याने ती उघडावी, एवढे तत्त्व परक्या सरकारनेही मान्य केले. आज आपले म्हणवणारे सरकार वही कपाटात ठेवून आपल्याला अर्ज भरायला सांगते.

तीन कर्जमाफ्या, तीन तऱ्हा

2008 साली केंद्राची कर्जमाफी झाली. तिच्यात शेतकऱ्याने अर्ज करायचा नव्हता. बँकांनी याद्या करून शाखेत लावायच्या होत्या. मात्र पाच एकरांची मर्यादा घातली. बागायतीतल्या चार एकरवाल्याला पूर्ण माफी, आणि पाथर्डी-जामखेडच्या माळावर सात एकर कोरडवाहू कसणाऱ्याला, उरलेले आधी भरल्यास, अंशतः सूट. पुढे 2013 मध्ये महालेखापरीक्षकांच्या अहवालाने दाखवले, की पात्र माणसे राहिली आणि अपात्रांना लाभ गेला. याद्या बँकेच्या भिंतीवर लागल्या, पण गावात त्या कोणी मोठ्याने वाचल्या नाहीत. आपण तिथे कमी पडलो.

2017 साली पुणतांब्याच्या ग्रामसभेतून संपाची हाक निघाली. 1 जूनपासून दूध आणि भाजीपाला अडला, सरकार हलले. 24 जूनला 34,022 कोटींची घोषणा झाली, 89 लाख शेतकऱ्यांना लाभ होईल असे सांगितले. आणि मग आला ऑनलाइन अर्ज. 24 जुलैपासून सुरू, मुदत आधी 15 आणि मग 22 सप्टेंबर. या तारखा कोणी ठरवल्या असतील ते असोत, त्याने कपाशी किंवा ज्वारी कधी पाहिली नसावी. खुरपणी, फवारणी आणि त्यावर उत्तरेच्या पावसानंतर मालदांडीच्या पेऱ्याचा वाफसा. कोरडवाहू ज्वारी जमिनीतल्या ओलीवर येते. वाफशाचे तीन दिवस रांगेत गेले तर ते सरकार कोणत्या रकान्यात भरून देणार?

त्या दिवाळीत काही जणांना सत्कार करून प्रमाणपत्रे दिली. प्रत्यक्ष पैशाला पुढे महिने लागले, याद्यांचा घोळ वेगळा. सरकारच्याच आकड्यांप्रमाणे साडेसहा लाखांवर पात्र शेतकरी त्या योजनेतून वंचित राहिले. पात्र असूनही! त्यांचे कर्ज खोटे नव्हते, जमीन खोटी नव्हती.

आता तिसरी. डिसेंबर 2019 मध्ये दोन लाखांपर्यंतची कर्जमुक्ती जाहीर झाली. तिच्यात अर्ज नव्हता. बँकांनी याद्या दिल्या, शेतकऱ्याने आपली रक्कम पाहून आधार पडताळायचे. 24 फेब्रुवारी 2020 च्या पहिल्या यादीत आपल्या जिल्ह्यातली ब्राह्मणी आणि जखणगाव ही दोन गावे होती. तिच्यातही खोटी होती. दोन लाखांवरचे तेव्हा बाहेरच ठेवले, आणि नियमित भरणाऱ्यांचे पन्नास हजारांपर्यंतचे अनुदान खात्यावर यायला 2022 उजाडले. आम्ही कोणत्याही सरकारची आरती ओवाळत नाही. पण अर्जाशिवाय होते, हे सरकारनेच करून दाखवले आहे. मग "तांत्रिक अडचण आहे" असे यापुढे कोणी सांगू नये.

कापूसवाल्यांचा दुसरा अर्ज

कापूस पिकवणाऱ्यांना 2017 सालाने आणखी एक अर्ज दिला. बोंडअळीने बोंडे पोखरली, आणि आपल्याला सांगितले, जी फॉर्म भरा. बियाण्याचे बिल आणा, पाकीट आणा, लॉट नंबर लिहा. जूनमध्ये पेरलेल्या बियाण्याचे पाकीट डिसेंबरात कोणाच्या घरात असते? डिसेंबरात नागपूरच्या अधिवेशनात कोरडवाहू कपाशीला हेक्टरी 30,800 रुपये जाहीर झाले. त्याची फोड अशी होती: 6,800 सरकारच्या आपत्ती निधीतून, 8,000 पीकविम्याचे, आणि 16,000 बियाणे कंपन्यांकडून. कंपन्यांनी जबाबदारी नाकारली, प्रकरण वादात गेले. आकडा 30,800 चा गाजला. बहुतेक कोरडवाहू शेतकऱ्यांच्या हाती लागला तो पहिला तुकडा. बाकीच्यासाठी भरलेल्या फॉर्मांचे गठ्ठे कचेऱ्यांत पडून राहिले.

आता याच्या शेजारी दुसरे चित्र ठेवा. ऑगस्ट 2025 मध्ये केंद्राने कापसावरचे 11 टक्के आयातशुल्क काढले, आधी सप्टेंबरअखेरपर्यंत, मग डिसेंबरअखेरपर्यंत. परदेशी गाठी स्वस्त झाल्या, तेही आपला कापूस बाजारात येण्याच्या तोंडावर. त्यासाठी किती गिरणीमालक सेवा केंद्रावर रांगेत उभे राहिले? किती जणांनी बायकोला घेऊन जाऊन अंगठा दिला? एका अधिसूचनेत काम झाले. आणि त्याच हंगामात हमीभावाने सीसीआयला कापूस घालायचा तर शेतकऱ्याने मोबाइलवरच्या ॲपमध्ये आधी नोंदणी करायची. गिरणीला माफी आपोआप, शेतकऱ्याला हमीभावही अर्जाने!

"पण बोगस लाभार्थी?"

अर्जाच्या बाजूने एकच मुद्दा मांडला जातो. तपासणी नको काय? बोगस माणसे घुसतील. खरे आहे, घुसतात, आणि त्यांना आम्ही पाठीशी घालणार नाही. पण बोगस माणसाला अर्ज अडवत नाही. ज्याला घुसायचे आहे त्याच्याकडे वेळ, ओळख आणि कागद तयार करून देणारा माणूस असतो. अर्ज अडवतो तो ज्याच्याकडे एक दिवसाची मजुरी बुडवायची ऐपत नाही त्याला: विधवेला, ऊसतोडीला गेलेल्याला, आजोबाच्या नावावरच्या जमिनीत राबणाऱ्या नातवाला.

तपासणी करायचीच तर साधने सरकारकडे आहेत. 2019 पासून पीएम-किसानसाठी आपली माहिती घेतली. 2021 पासून ई-पीक पाहणीत पीक नोंदवायला लावले. 15 एप्रिल 2025 पासून कृषी खात्याच्या योजनांना शेतकरी ओळख क्रमांक सक्तीचा केला. जमीन, पीक, आधार, बँक, सगळे एका क्रमांकावर बांधले. तेव्हा सांगितले, की आता पुन्हा पुन्हा कागद मागावे लागणार नाहीत. मग त्या शब्दाला जागा.

आपल्या घरातले

सरकारला बोल लावताना आपलेही पाहिले पाहिजे. वारसनोंदी वर्षानुवर्षे पडून आहेत. भरलेल्या हप्त्याची पावती आपण जपत नाही. सचिव म्हणेल तिथे सही करतो आणि खात्यावर किती आहे ते विचारत नाही. नवे-जुने करून व्याज मुद्दलात चढवलेले कितीजणांना कळते? अर्ज नको म्हणायचे, तर आपला हिशोब आपल्याला तोंडपाठ हवा.

म्हणून बैठकीहून घरी गेल्यावर ही चार कामे करा. सोसायटी किंवा बँकेकडून खात्याचा उतारा लेखी मागा. वारसनोंद राहिली असेल तर ती आधी करा. कुठलाही कागद दिला तर पोच घेतल्याशिवाय उठू नका. नाकारला तर कारण लेखी मागा. कोऱ्या कागदावर आणि न वाचलेल्या पडद्यावर अंगठा देऊ नका.

आणि एक अर्ज मात्र जरूर करा, माहितीच्या अधिकाराचा. त्या हक्काची लढाई याच जिल्ह्यातल्या राळेगणसिद्धीतून लढली गेली. दहा रुपयांच्या त्या अर्जात याचना नाही. तीस दिवसांत उत्तर देणे कचेरीवर बंधनकारक आहे. आपल्या गावातली किती नावे 2017 च्या योजनेत पात्र होती, किती राहिली आणि का, हे सहकार खात्याच्या जिल्हा उपनिबंधकांना विचारा. शंभर गावांतून शंभर अर्ज गेले की कपाट उघडेल.

ठराव

नागपूरच्या आंदोलनानंतर ऑक्टोबर 2025 मध्ये सरकारने कर्जमाफीच्या निर्णयासाठी 30 जून 2026 ही तारीख दिली होती. सरकारच्या तारखा आणि सरकारचे शब्द आपण पुष्कळ पाहिले. निर्णय काहीही होवो, कोणीही करो, प्रत्येक ग्रामसभेत हा ठराव घ्यावा, असे आम्ही सुचवतो:

1. कर्जमुक्तीसाठी शेतकऱ्याकडून कोणताही अर्ज मागू नये. हिशोब बँकेने मांडावा.

2. गावाची यादी, नावे व रकमांसह, ग्रामसभेत मोठ्याने वाचावी. चूक असेल तर हरकत शेतकऱ्याने घ्यावी. हरकतीचा निकाल लेखी व्हावा.

3. अंगठा उमटला नाही म्हणून कोणाचेही नाव वगळू नये. गावात पंचांसमोर ओळख पटवावी.

4. 2017 मध्ये पात्र असून राहिलेल्यांचे आधी द्यावे.

ती बाई पाचव्या खेपेला आली नाही. वाफसा आला होता, पेरणी थांबणार नव्हती. तिचे कर्ज आजही कोणाच्या तरी वहीत नीट लिहिलेले आहे. ती वही आपण उघडायला लावू.