मनातल्या भांडणाचे दुखणे

साहेबांना खडे बोल सुनावले, साहेब निरुत्तर झाले, सारे कार्यालय बघत राहिले... आणि तेवढ्यात आपला बसथांबा आला. असे दिवास्वप्न न पाहिलेला नोकरदार विरळाच. त्यात लाजण्यासारखे काही नाही आणि तो आजारही नाही. हाती काम नसले तरी मेंदू स्वस्थ बसत नाही. २००१ मध्ये मार्कस राइकल आणि सहकाऱ्यांनी मेंदूच्या या स्थितीला ‘डिफॉल्ट मोड’ असे नाव दिले. मागचे आठवणे, पुढचे रंगवणे, समोरचा काय म्हणेल याचा अंदाज बांधणे, ही मेंदूची तेव्हाची नेहमीची कामे.

अडचण होते ती तोच अपमान रोज रात्री उगाळत बसल्यावर. साहेब आपल्या घरी झोपलेले असतात. इकडे आपली छाती धडधडते, चढलेला रक्तदाब उतरायला वेळ लागतो, झोप उडते. डोकेदुखी, पित्त, निद्रानाश घेऊन ओपीडीत येणाऱ्यांना जरा बोलते केले, की अनेकदा त्यामागे एखादा मुकादम, अधिकारी किंवा घरातले वडीलधारे निघतात.

मग मनातले भाषण सोडून द्यायचे का? नाही, ते एका वाक्यावर आणायचे. नुसते विजयाचे चित्र रंगवले तर प्रयत्न मंदावतात. वाटेतला अडथळाही डोळ्यांसमोर आणला तर पाऊल उचलणे सोपे जाते, असे मानसशास्त्रज्ञ गॅब्रिएल ओटिंगेन यांच्या संशोधनात दिसले आहे. ‘रजा का नाकारली, ते लेखी द्याल का?’ एवढे पुरे. दाखल्यासाठी हेलपाटे घालणाऱ्यांच्या हाती तर महाराष्ट्राचा २०१५ चा लोकसेवा हक्क कायदा आहे. अधिसूचित सेवा मुदतीत मिळाली नाही, तर अपील करता येते. आवाज चढवावा लागत नाही. जिथे नोकरी जाण्याची किंवा मारहाणीची भीती आहे, तिथे गप्प राहणे हा भित्रेपणा नव्हे. तिथे कुणाला तरी सोबत घेऊनच बोलावे. मन फारच पोखरले गेले, तर ‘टेलि-मानस’चा १४४१६ हा क्रमांक आहे.

डॉक्टरची खुर्चीही सत्तेचीच. ‘या गोळीने चक्कर येते,’ हे रुग्ण आम्हाला सांगत नाही. बाहेर रांगेतल्या शेजाऱ्याला सांगतो आणि गोळी परस्पर बंद करतो. रक्तदाबाची गोळी अशी सुटली, तर पक्षाघातापर्यंत वेळ येऊ शकते. म्हणून पुढच्या खेपेला ते वाक्य आमच्यासमोर बोला. आम्ही घाईत असलो, कपाळाला आठी पडली, तरी बोला. ऐकून घेणे हे आमच्या पगारातलेच काम आहे.