पेन्शन अडविणारा कोण आणि व्याज भरणारा कोण?

आमच्या शेतकरी व कारागीर बंधूंच्या घरांतला एखादा मुलगा सरकारी नोकरींत लागला, म्हणजे सारें घर त्याच्या आधारावर उभें राहतें. कोणी शिपाई होतो, कोणी पोलीस, कोणी शाळामास्तर. तीस-पस्तीस वर्षें हुकूम झेलून तो घरीं येतो. मुलीचें लग्न, पडकें घर, सावकाराचें देणें, हीं सारीं कामें पेन्शनीच्या पैशावर ठेवलेलीं असतात. आणि मग हेलपाटे सुरू होतात. आज साहेब दौऱ्यावर, उद्यां सेवापुस्तकांत एक नोंद राहिली, परवां ना-देय दाखला नाहीं. सेवापुस्तक कचेरीच्या कपाटांत, किल्ली कारकुनाजवळ, आणि नोंद राहिल्याची शिक्षा मात्र म्हाताऱ्याला! हा न्याय कोठला?

कित्येक अंमलदार पेन्शन म्हणजे सरकारनें खुशीनें दिलेली बक्षिसी समजतात. ही समजूत न्यायालयानें केव्हांच मोडून काढली आहे. १९७१ सालीं बिहारच्या एका दाव्यांत सर्वोच्च न्यायालयानें ठरविलें, कीं पेन्शन हा नोकराचा हक्क असून ती त्याची मालमत्ता आहे. १९८२ च्या डिसेंबरांत नकारा खटल्यांतही तेंच सांगितलें, कीं ही मेहेरबानी नव्हे, केलेल्या चाकरीचा मोबदला आहे.

आतां उशिराचें पाहूं. केरळांतील एक नोकर १९७३ च्या मे महिन्यांत निवृत्त झाला. त्याची पेन्शन व ग्रॅच्युइटी हातीं पडली १९७५ च्या ऑगस्टांत. कारण काय, तर ट्रेझरीकडून शेवटच्या पगाराचा दाखला वेळेवर आला नाहीं! १९८४ सालीं सर्वोच्च न्यायालयानें सरकारास बजाविलें, कीं असल्या दिरंगाईबद्दल व्याजाचा भुर्दंड सोसलाच पाहिजे, आणि निवृत्तीनंतर दोन महिने लोटले कीं ही जबाबदारी सुरू होते. २००८ सालीं हरियाणाच्या एका दाव्यांत तर, नियमांत तरतूद नसली तरी घटनेच्या आधारें व्याज मागतां येईल, असेंही सांगितलें.

आपल्या महाराष्ट्रांत १९८२ चे पेन्शन नियम आहेत. त्यांतील १२९-अ प्रमाणें ग्रॅच्युइटीला तीन महिन्यांहून व १२९-ब प्रमाणें पेन्शनीला सहा महिन्यांहून अधिक उशीर कचेरीच्या चुकीनें झाला, तर पुढच्या काळाचें व्याज द्यावें लागतें. 'सरकारी काम आणि सहा महिने थांब' असें आमचे लोक चेष्टेनें म्हणतात; नियम करणारांनीं ती मुदतच धरिली! शिवाय चूक कचेरीची होती हें ठरवावयाचें कोणी? कचेरीनेंच. चोरानेंच पंचनामा करावा, तशांतला हा प्रकार.

पण आमचा खरा सवाल पुढेंच आहे. व्याज मिळालें असें धरूं. तें आलें कोठून? सरकारी खजिन्यांतून. खजिना भरतो कोण? मीठ-मिरची, कापड, खत विकत घेणारे तुम्ही आम्ही. म्हणजे फाईल दाबली एकानें, हाल झाले दुसऱ्याचे, आणि दंड भरला तिसऱ्यानें! दाबणाराचा पगार एक पैशानें कमी होत नाहीं. १९९३ सालीं लखनौ विकास प्राधिकरणाच्या खटल्यांत सर्वोच्च न्यायालयानें यावरच बोट ठेविलें, कीं भरपाई आधीं सरकारी पैशांतून द्यावी, पण मागाहून ती दोषी अधिकाऱ्यांकडून वसूल करावी. आमच्याकडे शेतसारा थकला तर दंड होतो, जप्ती येते. मग सरकारचें देणें थकविणाराला सूट कां?

'काम फार, माणसें थोडीं' ही सबब आम्हांस मान्य नाहीं. नोकराची जन्मतारीख नोकरीच्या आरंभींच लिहून घेतात. तो कोणत्या दिवशीं निवृत्त होणार हें कचेरीस तेव्हांपासून ठाऊक असतें. ज्यानें स्वतः कागद दिले नाहींत किंवा ज्याच्यावर चौकशी चालू आहे, त्याची गोष्ट निराळी. बाकीच्यांबद्दल सबब कसली? राज्याचाच २००५ चा विलंब प्रतिबंधाचा कायदा म्हणतो, कीं सामान्यतः कोणतीही फाईल एका नोकराजवळ सात कामाच्या दिवसांहून अधिक राहूं नये, आणि मुद्दाम उशीर करणारावर शिस्तभंगाची कारवाई व्हावी.

म्हणून सरकारास आमचें रोखठोक मागणें आहे. पेन्शनीच्या प्रत्येक उशिराबद्दल जबाबदार माणूस ठरवा, व्याज त्याच्या पगारांतून कापा, आणि किती व्याज दिलें व किती वसूल केलें याचा हिशेब दरसाल छापून जाहीर करा.

आणि निवृत्त बंधूंनो, तुम्हींही नुसतें हात जोडून उभे राहूं नका. प्रत्येक अर्ज लेखी द्या, पोच घ्या, तारखा लिहून ठेवा. मुदत संपतांच व्याज मागा. माहितीच्या अधिकाराखालीं विचारा, कीं माझी फाईल कोणाच्या टेबलावर किती दिवस होती? तुम्ही भीक मागत नाहीं, आपलें येणें मागतां आहां.