कॅमेरा तुमचा, आता बोला



रोजच्या जगण्यातलं धैर्य दाखवायला किती वेळ लागतो? जेमतेम १५ मिनिटं! आर्थर एल्टन आणि एडगर अँस्टी यांचा 'हाउसिंग प्रॉब्लेम्स' (१९३५) हा माहितीपट साधारण तेवढाच आहे. जागा, पूर्व लंडनमधलं स्टेपनी.

पैसा गॅस कंपन्यांच्या संघटनेचा. हिशोब सरळ होता: जुनी खुराडी पाडून नवे फ्लॅट झाले की गॅसच्या शेगड्या खपणार. म्हणजे तशी ही जाहिरातच. पण त्यात एक वेगळीच गोष्ट घडली. एरवी अशा फिल्ममध्ये कामगारांबद्दल दुसराच कुणीतरी साहेबी इंग्रजीत बोलायचा. इथे भाडेकरू स्वतः कॅमेऱ्याकडे बघून बोलतात, आपल्या कॉकनी बोलीत. उंदीर, ढेकूण, कललेलं घर... कुणी रडत नाही की दया मागत नाही. एक बाई तर उंदराची हकीकत अशी रंगवून सांगते की आपल्या चाळीतल्या काकूच आठवाव्यात.

त्यांना बोलतं करण्यात रूबी ग्रिअर्सनचा मोठा वाटा. कॅमेरा तुमचा, माइक तुमचा, आता सांगा काय ते, असं तिने त्यांना सांगितल्याचं म्हणतात. सप्टेंबर १९४० मध्ये मुलांना कॅनडाला नेणारं 'सिटी ऑफ बनारस' हे जहाज जर्मन पाणबुडीने बुडवलं. त्या मुलांवर फिल्म करायला निघालेली रूबीही त्यात गेली. जहाजावर हिंदुस्थानी खलाशीही मोठ्या संख्येने होते, त्यांच्यातलेही कितीतरी बुडाले.

आता आपली मुंबई. बरोब्बर ५० वर्षांनी, १९८५ मध्ये, आनंद पटवर्धनांचा 'हमारा शहर' आला. हा तासाहून मोठा, विषय झोपड्या पाडण्याचा. त्यात एक संतापलेली बाई चक्क दिग्दर्शकालाच झापते: तुम्ही आमची चित्रं काढून नाव कमावणार, आमच्या हाती काय? पटवर्धनांनी तो प्रसंग कापला नाही.

मला वाटतं, खरा प्रश्न तिथेच आहे. सोसणाऱ्याचं कौतुक करणं फार सोपं, ते करून आपण मोकळे! २६ जुलै २००५ च्या पुरानंतर 'मुंबई स्पिरिट'चा असाच गजर झाला, तुंबलेल्या गटारांचं काय ते राहिलंच. स्टेपनीची माणसं मात्र 'बघा, आम्ही किती सोसतो' असं म्हणत नाहीत. घर राहण्यालायक नाही, एवढंच ठणकावून सांगतात. तेवढं ऐकून घेण्यासाठी तरी १५ मिनिटं काढाच.