जलरोधक फवारा आणि शेतकऱ्याचे पाय

मृग नक्षत्र जवळ आले की वसई, नालासोपारा व विरार येथील बाजारपेठांत ताडपत्र्या, छत्र्या आणि गमबूट दुकानांच्या दारांशी टांगलेले दिसू लागतात. अलीकडे त्यांच्या शेजारी जलरोधक फवाऱ्याचे लहान डबेही मांडलेले असतात. बूट, पिशवी किंवा रेनकोट यांवर हा फवारा मारला की पाणी आत शिरत नाही, असे सांगितले जाते. हे सांगणे सर्वस्वी खोटे नाही. परंतु शेतकऱ्याने ते जसेच्या तसे मानले तर पैसेही जातील आणि पायही भिजतील, असे आमचे मत आहे.

हा फवारा करतो तरी काय? कापडाच्या अथवा चामड्याच्या तंतूंवर मेण, सिलिकोन किंवा फ्लोरिनयुक्त रसायन यांचा अत्यंत पातळ लेप बसतो. त्यामुळे पाणी पसरत नाही. अळवाच्या पानावरील थेंबाप्रमाणे गोळा होऊन ओघळून जाते. कापडाची छिद्रे मात्र बुजत नाहीत. अंगाचा घाम त्यांतून बाहेर पडतो, हा या लेपाचा गुण होय. तथापि पावसाची झोड लागली, ओझ्याचा पट्टा खांद्यावर दाबला गेला किंवा बूट पाण्यात बुडाला, म्हणजे त्याच छिद्रांतून व शिवणींतून पाणी आत येते. रिमझिम आणि शिंतोडे एवढ्यापुरतेच त्याचे सामर्थ्य. आपल्याकडे पाऊस रिमझिम पडून थांबत नाही, हे वसईकरांस सांगावयास नको.

जुन्या इरल्याची रचना या दृष्टीने पाहण्यासारखी आहे. बांबूच्या कामट्या व पाने यांचे ते आच्छादन वाकून लावणी करणाऱ्याची पाठ झाकते, अंगाला चिकटत नाही आणि खालून वारा खेळू देते. रेनकोट घालून दिवसभर वाकून काम करणारा मनुष्य पावसाने नव्हे तर घामाने भिजतो. प्लॅस्टिकच्या कागदाने इरल्याची जागा घेतली खरी, पण काम तितके चांगले केले असे म्हणवत नाही.

परंतु पाठीपेक्षा पायांचा प्रश्न गंभीर आहे. उंदीर-घुशींच्या मूत्राने दूषित झालेल्या पाण्यातून लेप्टोस्पायरोसिसचे जंतू पायाच्या जखमेतून किंवा भेगेतून शरीरात शिरतात. २६ जुलै २००५ च्या अतिवृष्टीनंतर मुंबईत या रोगाची मोठी साथ आली होती. भातखाचरात व तुंबलेल्या वाडीत तोच धोका असतो. येथे फवारा मारलेले कॅनव्हासचे बूट निरुपयोगी होत. अखंड रबराचा किंवा पीव्हीसीचा गमबूटच हवा. त्या गमबुटावर फवारा मारणे मात्र पालथ्या घड्यावर पाणी! बूट फुटका आहे की काय ते पाहण्यासाठी आत कोरडा कागद भरून तो घोट्यापर्यंत पाण्यात ठेवावा. कागद भिजला तर भेग आहे. रबरी बुटाला सायकलच्या पंक्चरचे ठिगळ बसते, पीव्हीसीच्या बुटाला ते टिकत नाही.

आता, लावणीच्या चिखलात गमबूट घाला असा उपदेश करणाऱ्याने एकदा स्वतः चिखलणी केलेल्या खाचरात उभे राहून पाहावे. पाय निघतो, बूट तेथेच राहतो. म्हणून लावणीत अनवाणी उतरणे भागच असेल तर जखम झाकावी, काम संपताच साबणाने पाय धुवावेत आणि ताप, अंगदुखी किंवा डोळ्यांत लाली दिसल्यास पाण्यात काम केल्याचे डॉक्टरांना आवर्जून सांगावे. बांधबंदिस्ती, गोठा, भाजीचे वाफे येथे तरी गमबूट टाळण्यास सबब नाही.

मग फवारा घ्यावा कोणी? पहाटेच्या गाडीने मुंबईस भाजी नेणाऱ्याची कापडी पिशवी, कॅनव्हासचे बूट आणि जुना झालेला रेनकोट यांना तो उपयोगी पडतो. रेनकोटावर पाण्याचे चार थेंब टाकावेत. ते गोळा होऊन घरंगळले तर नवा लेप नको. साध्या चामड्याच्या बुटाला मेणयुक्त मलम अधिक चांगले, आणि भिजलेले चामडे चुलीशी वाळवू नये, ते तडकते. डब्यावर फ्लोरिनयुक्त रसायनाचा उल्लेख असेल तर तो डबा टाळावा. या वर्गातील अनेक रसायने माती-पाण्यात वर्षानुवर्षे विघटित होत नाहीत; त्यांपैकी पीएफओएसचा समावेश स्टॉकहोम कराराच्या यादीत २००९ मध्ये, तर पीएफओएचा २०१९ मध्ये झाला. ज्यांची बावखले अजून जिवंत आहेत त्यांनी हे विशेष ध्यानात घ्यावे.

एक गैरसमज तर जीवघेणा आहे. जलरोधक फवारा मारलेला सदरा कीटकनाशकापासून रक्षण करीत नाही. २०१७ साली यवतमाळ जिल्ह्यात औषध फवारताना विषबाधा होऊन शेतकरी व शेतमजूर दगावले, हे आपण विसरलेलो नाही. त्या कामासाठी योग्य हातमोजे, मुखपट्टी व बूटच हवेत, आणि विजारीचे पाय बुटाच्या बाहेर सोडावेत, म्हणजे ओघळ आत उतरत नाही.

ज्यांना जलरोधक फवारा मारावयाचाच आहे त्यांनी तो रोहिणी नक्षत्रात, ऊन असताना मारावा. वस्तू आधी धुऊन पूर्ण वाळवावी व नंतर एक दिवस तशीच ठेवावी. हे काम बंद खोलीत कदापि करू नये. त्याचे सूक्ष्म तुषार श्वासाबरोबर फुप्फुसात गेल्यास गंभीर इजा होते. अंगणात, वाऱ्याकडे पाठ करून, मुलांना दूर ठेवून फवारावे, आणि जवळपास चूल किंवा विडी पेटलेली नसावी.