जमिनीचा दावा लिहिला, पाण्याचा कोण लिहिणार?



वनहक्क कायद्याचे दावे आपण पाड्यापाड्यावर भरले. किती गुंठे, कुठली हद्द, कधीपासून कसतो, सगळं लिहिलं. पण बऱ्याच अर्जांत पाण्याचा एक शब्द नाही. आमचं म्हणणं असं, की खालचं पाणी सोडून नुसती वरची माती मागितली तर हक्क अर्धाच मिळेल.

आपल्या डोंगरपट्टीत पाऊस कमी नाही. जव्हार, मोखाडा, शहापूरला वर्षाला दोन हजार मिलिमीटरच्या वर पडतो. तरी होळी झाली की बाया रात्री झिऱ्यावर नंबर लावून बसतात. कोणी म्हणतं, देवाची करणी. तसं नाही. आपल्या पायाखाली काळा कातळ आहे. वरचा मुरूम आणि कातळातल्या भेगा, एवढ्यातच काय ते पाणी साठतं. उतार मोठा, म्हणून बाकीचं ओहळाने पळतं. जे मुरतं तेच सावकाश झिरपत झिऱ्याला, विहिरीला येतं. वरचं जंगल तुटलं, माती वाहून गेली, की मुरायला जागाच उरत नाही. झिरा पाड्याखाली असला तरी त्याचं पाणी वरच्या माळावर, जंगलात मुरतं. ती जागा कोण राखतो, यावर झिऱ्याचं जगणं-मरणं आहे.

पळालेलं पाणी कुठे जातं तेही बघा. तानसा धरण 1892 सालचं, वैतरणेवरचं मोडकसागर 1957 सालचं, मग भातसा. ही धरणं मुंबईला पाणी पाजतात. तानसा आणि भातसा शहापूर तालुक्यात, आणि त्याच तालुक्यातल्या गावपाड्यांना उन्हाळ्यात टँकर लागतो! शहरातल्या कष्टकऱ्याच्या तोंडचं पाणी काढा असं आम्ही म्हणत नाही. पण ज्याच्या डोंगरावरून पाणी येतं त्याचा हंडा आधी भरायला नको का?

साहेब लोक म्हणतात, प्रादेशिक नळयोजना येईल, थांबा. येऊ दे, तिचं पाणी आपण घेणारच, तो आपला हक्क आहे. पण अशा योजनेचा पंप लांब. वीजबिल थकलं की पंप बंद, आणि पाइपाच्या शेवटाला आपला पाडा. नळ आला म्हणून झिरा बुजू दिला तर दोन्ही जाईल.

दुसरं संकट बोअरचं. ज्याची जमीन त्याचं खालचं पाणी, ही रीत 1882 च्या इंग्रजी कायद्यापासून चालत आली. म्हणून आजूबाजूची वरकस घेऊन फार्महाऊसवाला खोल बोअर मारतो. कातळातली भेग सातबारा बघत नाही. त्याचा पंप चालला की आपली विहीर आटते. सार्वजनिक पिण्याच्या पाण्याच्या विहिरीपासून 500 मीटरच्या आत परवानगीशिवाय नवी विहीर किंवा बोअर नको, असं राज्याच्या 1993 च्या कायद्याने सांगितलं. पण आपण ग्रामसभेत ठराव करून तक्रार दिल्याशिवाय मोजायला कोण येणार?

वनहक्क कायदा आपल्या हातात आहे. त्याच्या कलम 5 मध्ये पाणलोट आणि पाण्याच्या जागा राखायचा अधिकार ग्रामसभेला दिलाय. नियम 13 प्रमाणे माणसांच्या, गुरांच्या पाण्याच्या जागा सामूहिक हक्काचा पुरावा धरतात. दावेदार सोडून दुसऱ्या वडीलधाऱ्यांचा लेखी जबाबही चालतो. आणि कलम 3(2) खाली ग्रामसभेने शिफारस केली तर एक हेक्टरच्या आतली वनजमीन तळ्याला, पाणी अडवायच्या कामाला, पिण्याच्या पाण्याच्या लाइनीला मिळू शकते. 'जंगलाची जागा आहे, काम होणार नाही' एवढं तोंडी उत्तर ऐकून परत यायचं नाही. ठराव द्यायचा, पोच घ्यायची.

म्हणून प्रत्येक पाड्याने बायांना पुढे घालून शिवार फिरावं. कुठला झिरा कोणत्या महिन्यात आटतो हे हंडा वाहणाऱ्या बाईइतकं कोणाला माहीत? प्रत्येक झिरा, ओहळ, विहीर, गुरांचं पाणवठं आणि त्यांच्या वरचं जंगल नकाशावर मांडा, नावं लिहा, म्हाताऱ्यांचे जबाब घ्या. हे सगळं सामूहिक दाव्याला जोडा. दावा आधीच दिला असेल तर ग्रामसभेचा पुरवणी ठराव करा.

जंगल आपण राखलं म्हणून पाणी राहिलं. आता ते कागदावरही आपलं करू या. जिंदाबाद!