पालिका रुग्णालयांची शंभरी : वारसा परळचा, वणवण उपनगरांची

परळच्या केईएम रुग्णालयाच्या आवारात सकाळी पाऊल ठेवले, की केसपेपरच्या रांगेत मुंबईबरोबरच कोकण, विदर्भ, खानदेश आणि उत्तर भारतही उभा असल्याचे दिसते. जानेवारी 1926 मध्ये सुरू झालेल्या या रुग्णालयाने 2026 मध्ये शंभर वर्षे पूर्ण केली. शताब्दीच्या निमित्ताने गौरवाची भाषणे होणे स्वाभाविकच आहे. परंतु मुंबई महापालिकेच्या एकूण रुग्णालय व्यवस्थेचा लेखाजोखा मांडायचा, तर अभिमान आणि अस्वस्थता या दोहोंची नोंद घ्यावी लागेल.

या व्यवस्थेचा जन्मच मुळी स्वाभिमानातून झाला. ग्रँट मेडिकल कॉलेज आणि जे. जे. रुग्णालय 1845 पासून कार्यरत होते, पण तेथील वरिष्ठ पदांवर ब्रिटिश सरकारच्या वैद्यकीय सेवेतील अधिकाऱ्यांची मक्तेदारी होती. शेठ गोरधनदास सुंदरदास यांच्या विश्वस्तांनी महाविद्यालयासाठी देणगी देताना अध्यापक भारतीयच असावेत, अशी अट घातली. महापालिकेने ती मान्य केली आणि डॉ. जीवराज मेहता यांच्यासारखा द्रष्टा अधिष्ठाता या संस्थेला लाभला. हेच मेहता पुढे 1960 मध्ये गुजरातचे पहिले मुख्यमंत्री झाले. नायर रुग्णालयाशी संलग्न महाविद्यालयाची स्थापना 1921 सालची, असहकार चळवळीच्या वातावरणातली. 1946 मध्ये ते महापालिकेकडे आले. शीव येथील लोकमान्य टिळक रुग्णालय 1947 मध्ये लष्कराच्या जुन्या बराकींत सुरू झाले आणि 1964 मध्ये तेथे वैद्यकीय महाविद्यालय उभे राहिले. एखाद्या नगरपालिकेने स्वतःची वैद्यकीय महाविद्यालये चालवावीत, हे देशात अपवादानेच आढळणारे उदाहरण आहे.

या रुग्णालयांची कामगिरीही तशीच तोलामोलाची आहे. जगातील पहिल्या हृदयारोपणानंतर अवघ्या अडीच महिन्यांत, फेब्रुवारी 1968 मध्ये, डॉ. पी. के. सेन यांनी केईएममध्ये भारतातील पहिली हृदयारोपण शस्त्रक्रिया केली. रुग्ण काही तासच जगला, पण सरकारी पैशावर चालणाऱ्या संस्थेने दाखवलेले ते धाडस होते. डॉ. इंदिरा हिंदुजा यांच्या प्रयत्नांतून 1986 मध्ये येथेच टेस्ट ट्यूब बेबीचा जन्म झाला. शीव रुग्णालयात डॉ. अर्मिडा फर्नांडिस यांनी 1989 मध्ये आशियातील पहिली मातृदुग्धपेढी सुरू केली. 1973 मध्ये रुग्णालयातच झालेल्या हल्ल्यानंतर बेशुद्धावस्थेत गेलेल्या अरुणा शानबाग यांची केईएमच्या परिचारिकांनी 2015 पर्यंत, म्हणजे तब्बल 42 वर्षे शुश्रूषा केली. याची मोजदाद कोणत्याही ताळेबंदात होत नाही. जुलै 2006 च्या रेल्वे बॉम्बस्फोटांतील जखमी असोत वा 2020 चा करोना, संकटात शहर याच दारांशी आले.

मग बिनसले कोठे? पहिले उत्तर भूगोलात आहे. 2011 च्या जनगणनेनुसार मुंबईची लोकसंख्या सुमारे 1 कोटी 24 लाख होती. त्यांपैकी शहर जिल्ह्यात जेमतेम 31 लाख, तर उपनगर जिल्ह्यात सुमारे 94 लाख लोक राहत होते. म्हणजे दर चार मुंबईकरांपैकी तिघे उपनगरांत. केईएम, नायर आणि शीव ही तिन्ही मोठी रुग्णालये मात्र शहर जिल्ह्यात. गिरण्या आणि चाळींच्या मुंबईसाठी आखलेला हा नकाशा शहर दहिसर-मुलुंडपर्यंत पसरले तरी फारसा बदलला नाही. उपनगरांत महापालिकेचे वैद्यकीय महाविद्यालय सुरू व्हायला 2015 साल उजाडावे लागले आणि तेही जुहूच्या कूपर रुग्णालयात. राजावाडी, भगवती, शताब्दी अशी रुग्णालये उपनगरांत आहेत, परंतु गुंतागुंतीचा रुग्ण तेथून ‘केईएमला न्या’ अशी चिठ्ठी घेऊनच बाहेर पडतो. रुग्णवाहिकेतील त्या तासाभराची किंमत रुग्ण मोजतो.

दुसरे उत्तर पायाशी आहे. तापाचा, मधुमेहाचा, रक्तदाबाचा रुग्ण घराजवळच्या दवाखान्यात बरा व्हायला हवा. दवाखाना दुपारी बंद होत असेल, तर रोजंदारीवरील माणूस थेट मोठ्या रुग्णालयाची वाट धरतो. केईएमच्या स्वतःच्या माहितीप्रमाणे तेथे वर्षाला सुमारे 18 लाख बाह्यरुग्ण येतात. या गर्दीत तज्ज्ञ डॉक्टरांचा वेळ साध्या आजारांवर खर्च होतो आणि गंभीर रुग्णाच्या शस्त्रक्रियेची तारीख लांबते. 2022 मध्ये सुरू झालेले ‘आपला दवाखाना’ हे म्हणूनच योग्य दिशेचे पाऊल होते. पण तेथे नियमित डॉक्टर, औषधे आणि तपासण्या असल्या, तरच रांग परळहून वस्तीकडे वळेल.

या भाराखाली सर्वप्रथम वाकतो तो निवासी डॉक्टर. सलग चोवीस-छत्तीस तासांची पाळी, एका खाटेशेजारी जमिनीवरचा दुसरा रुग्ण आणि संतापलेले नातेवाईक यांच्यामध्ये तो उभा असतो. डॉक्टरांवरील हल्ले रोखण्यासाठी राज्याने 2010 मध्ये कायदा केला, तरी मार्च 2017 मध्ये निवासी डॉक्टरांना सामूहिक रजेवर जावे लागले आणि प्रकरण उच्च न्यायालयात गेले. सुरक्षारक्षक वाढवले, पण संतापाचे मूळ असलेली गर्दी आणि अपुरे मनुष्यबळ तसेच राहिले.

हे सारे पैशांअभावी होते, असे म्हणण्याची सोय महापालिकेला नाही. 2025-26 चा अर्थसंकल्प सुमारे 74 हजार 427 कोटी रुपयांचा होता आणि त्यातील सुमारे दहा टक्के तरतूद आरोग्यासाठी होती. प्रश्न पैसा कशावर खर्च होतो हा आहे. नव्या इमारतींचे भूमिपूजन थाटात होते, पण त्यांत लागणारे परिचारिका, तंत्रज्ञ आणि भूलतज्ज्ञ यांची भरती रेंगाळते. मग ‘मनुष्यबळ नाही’ या सबबीवर उपनगरांतील रुग्णालये खासगी सहभागातून चालवण्याचे प्रस्ताव पुढे येतात. आधी पदे रिक्त ठेवायची आणि नंतर त्याच रिक्ततेचा दाखला देत जबाबदारी दुसऱ्याच्या गळ्यात टाकायची, हा व्यवहार 1888 च्या महापालिका कायद्याच्या हेतूशी विसंगत आहे. सार्वजनिक रुग्णालये चालवणे हे त्या कायद्याने महापालिकेचे बंधनकारक कर्तव्य मानले आहे.

करोनाकाळात याच यंत्रणेने 24 प्रभागांत नियंत्रण कक्ष उभारून खाटांचे वाटप केले. त्याच पालिकेच्या प्राणवायू नियोजनाची दखल मे 2021 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने घेतली. कोणत्या रुग्णालयात किती खाटा रिकाम्या आहेत, हे साथीत कळू शकत होते, तर एमआरआयची, शस्त्रक्रियेची प्रतीक्षा किती दिवसांची आणि कोणत्या विभागात किती पदे रिक्त, हे एरवी जाहीर का होऊ नये? ही आकडेवारी दरमहा प्रसिद्ध करणे, उपनगरीय रुग्णालयांतील तज्ज्ञांची पदे आधी भरणे आणि दवाखाने संध्याकाळीही उघडे ठेवणे, यासाठी नव्या घोषणेची गरज नाही.

शंभर वर्षांपूर्वी भारतीय डॉक्टर स्वतःची संस्था चालवू शकतात का, असा प्रश्न होता आणि मुंबईने त्याचे उत्तर परळला उभे करून दाखवले. आजचा प्रश्न गोवंडीच्या बाळंतिणीचा आणि मालाडच्या हृदयरुग्णाचा आहे. त्याचे उत्तर गोवंडीत आणि मालाडमध्येच द्यावे लागेल.